राईखालची दोन खाचरं

"बरं, असं समजा मावशी," शेफाली म्हणाली, "हा झरा टिकवायचा म्हणून प्रत्येक घरानं महिन्याला काही रक्कम द्यायची ठरली. तर तुम्ही किती द्याल?"

पोटरीभर पाण्यात वाकून चंद्राबाई कुंडातला गाळ घमेल्यात भरत होती. भात झोडून झालं की पावसाळ्यात साचलेला गाळ काढायचा, हा त्यांच्या घराचा मान. सासऱ्यांनी तो केला, नवऱ्यानं केला आणि नवरा गेल्यावर तो तिच्याकडे आला. मानाला मजुरी नसते. गाव नारळ देतं आणि तो तिथंच फोडून वाटायचा असतो.

कुंडाच्या वर वाघजाईची राई होती. जांभूळ, हिरडा, अंजनी, मधूनमधून मनगटाएवढे जाड वेल. राईतली वाळकी काटकीही वाडीतलं कुणी चुलीत घालत नसे. राईच्या पायथ्याला दगडातून झरा फुटत होता. तो कुंडात साठायचा आणि कुंडातून ओसंडलेलं पाणी चराच्या वाटेनं खालच्या भातखाचरांत उतरायचं. सगळ्यात वरची दोन खाचरं चंद्राबाईची, त्याखाली अक्काबाईची, मग बाकीच्यांची.

"पैसं?" चंद्राबाई सरळ उभी राहिली. "देवीच्या पान्याला पैसं?"

"मी नुसतं समजा म्हणतेय."

"समजायचं तरी कशाला असलं?" तिनं घमेलं काठावर पालथं केलं. "न्हाई देनार. एक रुपया बी न्हाई. लिव तसं."

शेफालीनं मोबाईलमध्ये तसं लिहिलं. ती पुण्याच्या एका संस्थेतून आली होती. वेल्ह्याच्या बाजारात खोली घेऊन राहत होती आणि रोज सकाळी एसटीनं फाट्यापर्यंत येऊन पुढं वाडीपर्यंत चढत होती. तिनं काठावर बसून चंद्राबाईला समजावून सांगायचा प्रयत्न केला. वाडीला रस्ता मंजूर झाला आहे. त्याची आखणी राईच्या कडेनं, झऱ्याच्या डोक्यावरून जाते. रस्त्याचा हिशेब करताना दगड, मुरूम, डांबर, मजुरी या सगळ्याला दर असतो. पण झाडांच्या मुळांत पाणी मुरतं आणि उन्हाळ्यात हळूहळू बाहेर येतं, त्याला दर नसतो, कारण ते बाजारात कुणी विकत नाही. दर नाही म्हणून रकाना रिकामा राहतो आणि बेरीज करताना तिथं काहीच नाही असं धरलं जातं. ते तसं धरलं जाऊ नये, म्हणून माणसांनाच विचारायचं, की तुमच्या लेखी याचं मोल काय. तिचं शास्त्र एवढंच करतं, असं ती म्हणाली.

चंद्राबाईनं सगळं ऐकून घेतलं. तिला आठवला तो हायवेवरचा हॉटेलवाला. कितीतरी वर्षांपूर्वी तो झऱ्याचं पाणी विकत मागायला आला होता. नवऱ्यानं त्याला पोटभर पाणी पाजलं आणि रिकाम्या हातानं परत पाठवलं. वाडीनं तेव्हा नवऱ्याचं नाव काढलं होतं. हवं तेवढं प्या, डोईवर न्या, पण या पाण्याचा सौदा करायचा नाही, हा वाडीचा नेम होता. ही पोर त्या हॉटेलवाल्यापेक्षा गोड बोलत होती, पण विचारत तेच होती, असं चंद्राबाईला वाटलं. तरी उन्हाची चढून आली होती म्हणून तिनं तिला ओंजळीनं पाणी पाजलं.

त्या आठवड्यात शेफाली घरोघर गेली आणि घरोघर तिला तेच उत्तर मिळालं. सरपंच धनाजीनं तर तिला चहा पाजून सांगितलं, की ताई, आमच्या वाडीत तुम्हाला दुसरं उत्तर सापडलं तर मला दाखवा. संध्याकाळी पारावर या गोष्टीचा अभिमानच होता. एवढ्या घरांत एकानंही देवीच्या पाण्याला किंमत लावली नाही.

एक गोष्ट मात्र शेफालीला कुणीच सांगितली नाही. रस्त्याला दुसरी वाट होती. राई यायच्या आधीच्या वळणावर तो खाली उतरवायचा, कुंडाच्या खालून न्यायचा आणि अक्काबाईच्या बांधावरून पुन्हा वर काढायचा. राईला धक्का लागला नसता, झरा वरच्या अंगाला सुखरूप राहिला असता. पण ही वाट चंद्राबाईची दोन्ही खाचरं पुरती खाऊन जात होती. तिच्याजवळ जमीन म्हणून तेवढीच होती. त्यात घरापुरतं भात पिकायचं. वाडीला हे ठाऊक होतं आणि म्हणूनच वाडी बोलली नाही. विधवा बाईच्या तोंडचा घास कुणी दाखवून द्यायचा? चंद्राबाईलाही ते ठाऊक होतं. तीही बोलली नव्हती.

रस्ता तिला नको होता असं मात्र नव्हे. दोन वर्षांपूर्वीच्या आषाढात तिची सून नूतन अडली, तेव्हा चौघांनी तिला झोळीत घालून चिखलातून फाट्यापर्यंत नेलं. चंद्राबाई नूतनच्या अंगावर प्लास्टिकचा कागद धरून सगळी वाट तिच्या बाजूनं चालली. नूतन वाचली, मूल राहिलं नाही. तेव्हापासून रस्त्याच्या विरुद्ध कुणी काही बोलायला लागलं, की चंद्राबाई तिथून उठून जायची.

मार्गशीर्षात शाळेच्या ओसरीवर सभा भरली. रस्त्याच्या कामाचे साहेब आले होते. थकल्या चेहऱ्याचा, हळू बोलणारा माणूस. त्यांनी नकाशा भिंतीला लावला आणि खर्चाचा तक्ता वाचायला घेतला. खडी, मुरूम, मोऱ्या, संरक्षक भिंत. शेवटी त्यांनी वाचलं, "झाडे व जलस्रोत, निरंक."

"निरंक म्हंजी काय वो सायेब?" अक्काबाईनं विचारलं. ती चंद्राबाईपेक्षा दोनचार वर्षांनी मोठी. बौद्धवाडीतलं तिचं घर चंद्राबाईच्या घरापासून हाकेवर होतं आणि जन्मभर दोघींनी एकमेकींच्या बांधावर भाकरी खाल्ली होती.

"म्हणजे काही नाही."

"काय न्हाई कसं?" धनाजी उठला. "झरा हाय की तितं. बारमाही हाय. चैत्रात बी आटत न्हाई."

"मी कुठं नाही म्हणतो?" साहेब म्हणाले. "पण पाहणीत गावानंच शून्य सांगितलंय."

सगळे शेफालीकडं बघायला लागले. ती मागं भिंतीशी बसली होती. उठली तेव्हा तिचा चेहरा उतरलेला होता. तिनं सांगितलं, की शून्य दोन तऱ्हांचं असतं. एकाला त्या वस्तूची गरजच नसते म्हणून तो शून्य म्हणतो. दुसऱ्याला तिचा भाव करणंच पाप वाटतं म्हणून तो शून्य म्हणतो. दुसऱ्या तऱ्हेची उत्तरं तिच्या शास्त्राप्रमाणं बाजूला ठेवायची असतात, कारण त्यांना शून्य मानणं खोटं ठरेल. वाडीतली सगळी उत्तरं त्याच तऱ्हेची होती. सगळीच बाजूला ठेवावी लागली आणि मग लिहायला काही उरलं नाही.

"मी जागा रिकामी ठेवली होती, सर. शून्य लिहिलं नव्हतं."

"रिकाम्या जागेची बेरीज मी कशी करू, ते तुम्हीच सांगा," साहेब म्हणाले. त्यांच्या बोलण्यात कुचेष्टा नव्हती. त्यांना खरंच ते माहीत नसावं.

मग त्यांनी विचारलं, की दुसरीकडून न्यायला जागा आहे का, असेल तर आत्ताच सांगा. ओसरीवर कुणी हललं नाही. पुरुषांनी माना खाली घातल्या. अक्काबाई बसल्या जागी नखानं जमीन उकरत राहिली. साहेब थोडा वेळ थांबले आणि नकाशा भिंतीवरून काढून गुंडाळायला लागले. महिनाभरात मशीन येईल, असं त्यांनी सांगितलं.

सभा उठल्यावर शेफाली फाट्याकडं निघाली. चंद्राबाई तिच्याबरोबर उतारापर्यंत गेली.

"पोरी," चंद्राबाईनं विचारलं, "आमचं चुकलं का गं?"

"माझं चुकलं, मावशी. प्रश्नच चुकला." शेफाली चालता चालता थांबली. "किंमत म्हणजे पैसेच असं नसतं. मला वर्गात हे पहिल्याच दिवशी शिकवलं होतं आणि इथं येऊन मी पैसेच विचारत बसले. झरा राहावा म्हणून तुम्ही काय सोडाल, असं विचारायला हवं होतं मी."

चंद्राबाईनं तिच्याकडं पाहिलं. मग ती म्हणाली, "जा बिगीबिगी. यष्टी चुकंल."

घरी न जाता ती खाचरांकडं वळली. भाताची खुंटं वाळली होती आणि उरलेल्या ओलीवर टाकलेला वाल दोन पानांवर आला होता. ती बांधावर बसली. एक रुपयाही देणार नाही, असं आपण म्हणालो ते देवीसाठी म्हणालो की या दोन तुकड्यांसाठी? म्हणताना तर देवीच मनात होती. पण तिच्या आड ही खाचरं उभी नव्हती असंही तिला शपथेवर म्हणता आलं नसतं. आपल्या मनातलं कितपत आपल्याला कळतं, हे कुणालाच सांगता येत नाही. चंद्राबाईला तर असल्या विचारांची सवयही नव्हती. ऊन उतरेपर्यंत ती तिथंच बसून राहिली.

संध्याकाळी मुलगा आला. माऊली शिवऱ्याजवळ हायवेवरच्या एका हॉटेलात कामाला होता. आठवड्यातून एकदा मोटरसायकलनं यायचा, गाडी फाट्यावर लावून वर चढायचा. तो जेवायला बसल्यावर चंद्राबाईनं सांगितलं, की खाचरांतनं रस्ता द्यायचा म्हणते.

माऊलीनं घास खाली ठेवला.

"आये, झरा समद्या गावाचा हाय. खाचर एकट्याचं आपलं. गावानं प्यायचं आन् आपुन द्यायचं, ह्यो कुठला न्याव?"

तो म्हणत होता त्यात खोटं काही नव्हतं.

"आन् मोबदला?" माऊलीनं विचारलं.

"असल्या रस्त्याला मिळत न्हाई म्हनं. राजीखुशीनं द्यावी लागती."

"मग लईच झाक." तो हसला, पण त्याला हसू आलं नव्हतं. "हाटेलात बटाटं सोलतो म्या. उद्या कामावरनं काढलं तर हितं येऊन पोट भरू म्हनून निवांत होतो."

नूतन चुलीपाशी होती. ती चंद्राबाईकडं न बघता बोलली. "रस्ता राईतनं आला तरी गाडी दारात येतीच की आत्याबाई. मला रस्ता पायजे. कुठनं का येईना. पन इकतचा तांदूळ म्या कंदी शिजवला न्हाई."

"म्या बी न्हाई," चंद्राबाई म्हणाली.

"मग कशापायी?"

चंद्राबाईनं ताटातली भाकरी मोडली, पण खाल्ली नाही. "वरच्या आळीतल्या पार्वतीकाकीपास्नं खालच्या आळीतल्या रतनपातुर समदी तितलंच पानी पित्यात. कुंड कोरडं पडलं तर कुनी मला एका शब्दानं बोलनार न्हाई. सभेत बी न्हाई बोललं. तेच मला सोसंना झालंय."

नूतननं चुलीतली लाकडं मागं ओढली.

चार दिवसांनी मायलेक वेल्ह्याला गेले. साहेबांनी कागद वाचून दाखवला आणि मोबदला नाही हे पुन्हा सांगितलं. विचार केलाय ना, असं त्यांनी दोनदा विचारलं. चंद्राबाईनं अंगठा दिला. सातबाऱ्यावर माऊलीचंही नाव होतं. त्यानं सही केली, ती आईकडं न बघता. मग साहेबांनी नकाशा पसरला, जुनी रेघ खोडली आणि पेन्सिलीनं नवी ओढली. कुंडाखालून ती सरळ गेली. दोन खाचरं ओलांडायला तिला क्षणभरही लागला नाही.

फाल्गुनात मशीन आलं. त्या दिवशी चंद्राबाई घरात भांडी घासत बसली होती. अंगणातली माती हादरे तेव्हा तिचे हात थांबत आणि मग पुन्हा चालू होत. वाल काढायचा राहून गेला होता, तो अक्काबाईनं आदल्या दिवशी न सांगता काढून आणून पडवीत ठेवला होता.

नूतन तिच्याशी कामापुरतं बोलायची. जेवण वाढायची आणि आपलं ताट घेऊन चुलीपाशी जायची. वैशाखात खालच्या आळीतल्या रतनच्या सासऱ्याला छातीत कळ आली. गाडी थेट आळीपर्यंत आली आणि म्हातारा भोरच्या दवाखान्यात वेळेवर पोचला. गाडी खाली उतरेपर्यंत नूतन अंगणात उभी राहून बघत होती. घरचा तांदूळ पुरवायला माऊलीनं विकतचा आणून ठेवला होता; त्या रात्री तिनं त्या विकतच्या तांदळाचा भात केला, चंद्राबाईला वाढला आणि आपलं ताट घेऊन तिच्याशेजारी येऊन बसली.

शेफालीही त्याच सुमाराला एकदा येऊन गेली. रस्त्याच्या कडेला उभं राहून तिनं बराच वेळ कुंडाकडं पाहिलं. घडलं ते सगळं आपण लिहिलं आहे, असं तिनं सांगितलं. पण ती दोन खाचरं रस्त्याच्या खर्चात धरायची की झऱ्याचं मोल म्हणून धरायची, हे संस्थेतल्या तिच्या सरांचं अजून ठरत नव्हतं.

"ठरलं की सांग," चंद्राबाई म्हणाली आणि तिला जेवून जायचा आग्रह करत राहिली.

आषाढ आला. लावणीच्या दिवसांत वाडीत मजूर लावायची रीत नाही, सावड असते. आज सगळ्या बायका मिळून एकीचं खाचर लावतात, उद्या दुसरीचं, परवा तिसरीचं. कुणी कुणाला पैसे देत नाही. तू माझ्याकडं वाकलीस तेवढी मी तुझ्याकडं वाकायचं, एवढाच व्यवहार. लग्न होऊन आल्यापासून चंद्राबाई एकाही वर्षी सावडीत चुकली नव्हती. सावड तिच्या खाचरापासूनच सुरू व्हायची, कारण झऱ्याचं पाणी आधी तिथं यायचं.

यंदा तिला कुणी बोलवायला आलं नाही. त्याचा तिला राग आला नाही. बोलवणार कशा? तिच्याकडं फेडून घ्यायला जागाच नव्हती. नुसतं राबवून घ्यायचं तर ती मजूर झाली असती, आणि मजुरी हातावर ठेवायची तर ते त्याहून वाईट. कुणाला अवघड नको, म्हणून ती दाराचं कवाड लोटून आत गोधडीला टाके घालत बसली. नूतन माहेरी गेली होती. बाहेरून बायकांचा गलका यायचा, लांब जायचा.

दिवस वर आला तेव्हा कवाड ढकलून अक्काबाई आत आली. डोक्यावर प्लास्टिकची खोळ, हात कोपरापर्यंत चिखलाचे.

"रोप उपटून पडलंय माझं," ती म्हणाली. "मान्सं कमी हाईत."

चंद्राबाईनं सुई गोधडीत टोचून ठेवली. "अक्के, म्या फेडून कुठं घेऊ तुझ्याकडनं?"

"फेडायचं काढलंस का आता?" अक्काबाई चिडली. "झरा आटला असता तर आज चिखल कशाचा केला असता म्या? माझ्या खाचराला पानी कुठलं चालू हाय, ते जरा येऊन बघ. आन् मग बोल." मग तिचा आवाज खाली आला. "तुझी जागा ठिवलीय त्यांनी. कडंची. कुनी उभी ऱ्हाईना तितं."

चंद्राबाई उठली, लुगड्याचा काष्टा घट्ट केला आणि तिच्यामागून निघाली.

खाचरात बायका ओळीनं वाकलेल्या होत्या. डाव्या कडेला एका माणसाची जागा मोकळी होती आणि त्या जागेसमोर रोपाच्या मुठी टाकून ठेवल्या होत्या. चंद्राबाई चिखलात उतरली. एकीनं पलीकडं सरकून तिला थोडी जास्त जागा दिली.

बराच वेळ नुसता चिखलात बोटं रुतल्याचा आवाज येत होता. मग वरून हॉर्न वाजला. वेल्ह्याची एसटी वाडीत यायला लागून आठवडाच झाला होता. ती वळणावरून उतरली आणि कुंडाखालून सावकाश पुढं निघाली. खिडकीत कुणाच्या मांडीवर तान्हं मूल होतं. सगळ्या बायका कमरेवर हात ठेवून सरळ उभ्या राहिल्या आणि गाडीकडं बघायला लागल्या. मग एकेकीच्या ध्यानात आलं, की गाडी आता नेमकी कुठून चालली आहे. त्या बघायच्या थांबल्या, पण पुन्हा वाकायचंही त्यांना सुचेना.

चंद्राबाई उभी राहिली नव्हती. तिनं मुठीतली शेवटची काडी लावली, बोटांनी चिखल दाबला आणि वर न बघताच म्हणाली,

"मागं सरा गं. हितलं झालं."

ओळ एक पाऊल मागं सरली.